आघाडी सरकार बनतं कसं, टिकतं कसं: नागपुरात मला नेहमी विचारले जाणारे प्रश्न

डिसेंबर लागला की विधिमंडळाच्या हिवाळी अधिवेशनासाठी सिव्हिल लाइन्समध्ये बांबूचे कठडे उभे राहतात, रविभवनाला रंग लागतो, आमदार निवासात गाद्या-उशा येऊन पडतात आणि आमच्या अभ्यासिकेतले प्रश्न वाढतात. तीस वर्षं मी ज्युनिअर कॉलेजात राज्यशास्त्र शिकवलं. आता संध्याकाळी अभ्यासिकेत बसते. स्पर्धा परीक्षेची मुलं विचारतात, त्यांना घ्यायला आलेले आईवडील विचारतात, अधिवेशनाच्या बंदोबस्तामुळे रस्ता बंद झाला म्हणून थांबलेला ऑटोवालाही विचारतो. प्रश्न बहुतेक तेच असतात, म्हणून उत्तरं एकदा नीट लिहून काढली. काही उत्तरं लांब झाली आहेत. तो विषयच तसा आहे.

युती, आघाडी, संयुक्त सरकार: हे एकच की वेगवेगळं?

राज्यशास्त्रात एकच. एकाहून जास्त पक्ष मिळून मंत्रिमंडळ बनवतात आणि ते मंत्रिमंडळ विधानसभेला सामूहिकपणे जबाबदार असतं. महाराष्ट्रात शिवसेना-भाजपला 'युती' आणि काँग्रेस-राष्ट्रवादीला 'आघाडी' म्हणायची सवय पडली, एवढंच. त्याच्या आधी १९७८ मध्ये शरद पवारांचं 'पुलोद', म्हणजे पुरोगामी लोकशाही दल, हेही आघाडी सरकारच होतं.

२८८ पैकी १४५ आमदारांच्या सह्या झाल्या की सरकार झालं ना?

नाही. सह्यांचं पत्र हा फक्त पहिल्या पायरीचा पुरावा असतो. राज्यपालांना त्यावरून अंदाज येतो, की अमुक नेत्यामागे बहुमत असावं. खरं बहुमत सिद्ध होतं ते सभागृहात. १९९४ च्या बोम्मई खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हे अगदी स्पष्ट केलं: बहुमत आहे की नाही याची परीक्षा राजभवनात नव्हे, सभागृहात व्हायला हवी.

२०१९ चा नोव्हेंबर आठवा. २४ ऑक्टोबरला निकाल लागले: भाजप १०५, शिवसेना ५६, राष्ट्रवादी ५४, काँग्रेस ४४. युती म्हणून लढलेले दोन पक्ष मुख्यमंत्रिपदावरून वेगळे झाले. राज्यपालांनी आधी भाजपला, मग शिवसेनेला, मग राष्ट्रवादीला विचारलं आणि १२ नोव्हेंबरला राष्ट्रपती राजवट लागली. २३ तारखेला सकाळी ती उठली, देवेंद्र फडणवीस आणि अजित पवार यांचा शपथविधी झाला. २६ तारखेला सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की दुसऱ्या दिवशी संध्याकाळपर्यंत सभागृहात बहुमत दाखवा, मतदान उघड घ्या, थेट प्रक्षेपण करा. त्याच दिवशी फडणवीसांचा राजीनामा आला. २८ ला उद्धव ठाकरे यांनी शपथ घेतली आणि ३० ला १६९ मतांनी विश्वासदर्शक ठराव जिंकला. एका आठवड्यात दोन सरकारं झाली आणि निकाल लागला तो आमदारांच्या डोक्यांच्या मोजणीनेच.

आणखी एक बारकावा आहे, जो मुलं परीक्षेत हमखास चुकतात. १४५ हा आकडा पूर्ण सभागृहाच्या बहुमताचा आहे. विश्वासदर्शक ठरावाला हजर राहून मतदान करणाऱ्यांचं बहुमत लागतं. एखादा पक्ष तटस्थ राहिला किंवा गैरहजर राहिला, तर लागणारा आकडा खाली येतो. म्हणून वाटाघाटीत 'बाजूने मत द्या' या मागणीइतकंच 'निदान विरोधात जाऊ नका' हे सांगणंही मोलाचं असतं. स्वीडनमध्ये तर नियमच तसा आहे. ३४९ जणांच्या संसदेत १७५ जण विरोधात नसले, तर पंतप्रधान निवडून येतो. नोव्हेंबर २०२१ मध्ये माग्दालेना आंदेर्सोन यांच्या बाजूने फक्त ११७ मतं पडली, विरोधात १७४. त्या निवडून आल्या. काही तासांतच ग्रीन पक्ष सरकारमधून बाहेर पडला आणि त्यांनी राजीनामा दिला. पाचच दिवसांनी पुन्हा मतदान होऊन त्या परत पंतप्रधान झाल्या.

सर्वात मोठ्या पक्षाला आधी बोलवायचं असा नियम आहे ना?

राज्यघटनेत असं कुठेही लिहिलेलं नाही. १६४ वं कलम एवढंच म्हणतं, की मुख्यमंत्र्यांची नेमणूक राज्यपाल करतील. केंद्र-राज्य संबंधांवरच्या सरकारिया आयोगाने एक क्रम सुचवला होता: निवडणुकीआधी झालेल्या आघाडीला बहुमत असेल तर तिला आधी, नाहीतर इतरांचा पाठिंबा दाखवणाऱ्या सर्वात मोठ्या पक्षाला, मग निकालानंतर जमलेल्या आणि सगळे सत्तेत सामील होणाऱ्या आघाडीला, शेवटी काही पक्ष बाहेरून पाठिंबा देतील अशा आघाडीला. ही शिफारस आहे, बंधन नाही. त्यामुळे २०१७ मध्ये गोव्यात ४० पैकी १७ जागांची काँग्रेस बाहेर राहिली आणि १३ जागांच्या भाजपने इतरांना जोडून सरकार बनवलं. २०१८ मध्ये कर्नाटकात १०४ जागांच्या भाजपला आधी बोलावलं गेलं, पण बहुमत चाचणीआधीच येडियुरप्पांना राजीनामा द्यावा लागला.

मला विचाराल तर हा क्रम कायद्यात लिहायला हवा. राज्यपालांच्या विवेकावर सोडलेली गोष्ट प्रत्येक वेळी न्यायालयात जाते, आणि तिथे निकाल लागेपर्यंत राज्य अधांतरी राहतं.

निवडणुकीआधीची आघाडी चांगली की नंतरची?

आधीची जास्त प्रामाणिक, कारण मतदाराला माहीत असतं की तो कोणाच्या सोबतीला मत देतोय. पण ती टिकतेच असं नाही. २०१९ मध्ये मोडली ती आधीचीच. उलट १९९९ मध्ये काँग्रेस आणि नवीनच स्थापन झालेली राष्ट्रवादी एकमेकांविरुद्ध लढले, निकालानंतर एकत्र आले आणि २०१४ पर्यंत पंधरा वर्षं सोबत राहिले. २०१४ मध्ये भाजप आणि शिवसेना वेगवेगळे लढले. नोव्हेंबरमध्ये भाजप सरकारने आवाजी मतदानाने विश्वासदर्शक ठराव जिंकला तेव्हा शिवसेना विरोधी बाकांवर होती, आणि नागपूर अधिवेशनाच्या तोंडावर, ५ डिसेंबरला, ती सरकारात आली.

मंत्रिपदं वाटतात कशी? कोणीतरी बसून चिठ्ठ्या टाकतात का?

याचं उत्तर आपण नागपूरकरांनी डोळ्यांनी पाहिलं आहे. १५ डिसेंबर २०२४ ला इथल्या राजभवनात ३९ मंत्र्यांचा शपथविधी झाला. त्याआधी ५ डिसेंबरला मुंबईत मुख्यमंत्री आणि दोन उपमुख्यमंत्री शपथ घेऊन बसले होते. म्हणजे एकूण ४२.

४२ च का? २००३ च्या ९१ व्या घटनादुरुस्तीने मंत्र्यांची संख्या विधानसभेच्या १५ टक्क्यांवर बांधली. २८८ चे १५ टक्के म्हणजे ४३. त्याआधी आघाडी जितकी डळमळीत तितके मंत्री जास्त, असं चालायचं. आता ताट ठरलेलं आहे आणि वाढपही त्यातच करायचं आहे.

राज्यशास्त्रात विल्यम गॅमसन नावाच्या अभ्यासकाने १९६१ मध्ये एक अंदाज मांडला: आघाडीत ज्याने जितक्या जागा आणल्या, त्या प्रमाणात त्याला पदं मिळतात. युरोपातल्या सरकारांवर तो ताडून पाहिला तेव्हा बराच खरा ठरला, पण एक गोष्ट दिसली, की लहान पक्षांना हिशेबापेक्षा थोडं जास्त मिळतं. आपलं ताडून पाहू. महायुतीतल्या तीन मोठ्या पक्षांच्या २०२४ च्या जागा: भाजप १३२, शिवसेना ५७, राष्ट्रवादी ४१, बेरीज २३०. त्यात भाजपचा वाटा ५७ टक्के, शिवसेनेचा साधारण २५, राष्ट्रवादीचा १८. आता मंत्री मोजा, मुख्यमंत्री-उपमुख्यमंत्री धरून: भाजप २०, शिवसेना १२, राष्ट्रवादी १०. टक्केवारी येते ४८, २९ आणि २४ च्या आसपास. मोठ्याने थोडं सोडलं, लहानांना थोडं जास्त मिळालं. मी हे आकडे फळ्यावर मांडले तेव्हा मागच्या बाकावरचा एक मुलगा म्हणाला, "मॅडम, हे तर पुस्तकातल्यासारखंच निघालं!" त्याला मी म्हटलं, की आता खात्यांचं वजन मोज, मग बघू.

कारण संख्या हा अर्धाच हिशेब. गृह, वित्त, महसूल, नगरविकास, जलसंपदा, सार्वजनिक बांधकाम ही खाती एका बाजूला आणि उरलेली दुसऱ्या बाजूला. २०२४ मध्ये गृह मुख्यमंत्र्यांकडे राहिलं, नगरविकास एकनाथ शिंदे यांच्याकडे, वित्त अजित पवारांकडे. आणि हे ठरायला किती वेळ लागला बघा: मंत्र्यांनी १५ तारखेला शपथ घेतली, १६ ते २१ डिसेंबर असं अधिवेशन चाललं, खातेवाटप झालं ते २१ च्या रात्री. म्हणजे पूर्ण नागपूर अधिवेशन बिनखात्याच्या मंत्र्यांनी पार पाडलं. विदर्भाचा कापूस, सोयाबीन, धान यांवरच्या प्रश्नांना उत्तर देणारा त्या खात्याचा मंत्रीच ठरलेला नव्हता. हे मला आजही खटकतं.

खात्यांच्या खाली पालकमंत्रिपद येतं. बाहेरच्या लोकांना ते शोभेचं वाटतं. पण जिल्हा नियोजन समितीचा अध्यक्ष पालकमंत्री असतो, आणि गावातला रस्ता, शाळेची खोली, आरोग्य केंद्राची भिंत यांचा निधी तिथून जातो. म्हणून जानेवारी २०२५ मध्ये रायगड आणि नाशिकच्या पालकमंत्र्यांची नावं जाहीर झाली आणि लगेच स्थगित करावी लागली. आघाडीतली खरी ओढाताण बघायची असेल तर मुंबईकडे कमी आणि जिल्ह्याकडे जास्त बघा. त्याच्याही खाली महामंडळं आणि समित्या येतात. मंत्रिपद न मिळालेल्यांची समजूत तिथे घातली जाते.

जास्त जागा असलेल्या पक्षाचाच मुख्यमंत्री होतो ना?

बहुतेकदा, नेहमी नाही. २००४ मध्ये राष्ट्रवादीच्या ७१ आणि काँग्रेसच्या ६९ जागा होत्या, तरी मुख्यमंत्री काँग्रेसचे विलासराव देशमुख झाले. राष्ट्रवादीने त्या बदल्यात उपमुख्यमंत्रिपद आणि जास्तीची मंत्रिपदं घेतली. २०२२ मध्ये भाजपच्या १०५ हून अधिक जागा असताना मुख्यमंत्री एकनाथ शिंदे झाले. पद ही सौद्यातली एक वस्तू आहे, आणि तिची किंमत दोन्ही बाजू आपापल्या गरजेनुसार लावतात.

इस्रायलमध्ये तर ते पद मुदतीने वाटून घेतात. १९८४ मध्ये पेरेस आणि शामीर यांनी अर्धी-अर्धी मुदत वाटून घेतली आणि पाळलीही.

उपमुख्यमंत्र्याला काय अधिकार असतो?

घटनेत हे पदच नाही. कायद्याच्या नजरेत तो इतर मंत्र्यांसारखाच एक मंत्री. त्याचं वजन येतं त्याच्या खात्यांतून आणि त्याच्यामागे किती आमदार आहेत त्यावरून. महाराष्ट्राचे पहिले उपमुख्यमंत्री आपल्या विदर्भातले होते, भंडाऱ्याचे नाशिकराव तिरपुडे. १९७८ मध्ये दोन काँग्रेस एकत्र येऊन वसंतदादा पाटलांचं सरकार बनलं, त्यात इंदिरा काँग्रेसच्या वाट्याला हे पद आलं. म्हणजे हे पद जन्मलंच आघाडीच्या गरजेतून. ते सरकार काही महिन्यांतच पडलं आणि पुलोद आलं.

किमान समान कार्यक्रम म्हणजे नुसता कागद नसतो का?

किमान समान कार्यक्रम म्हणजे आघाडीतल्या सगळ्या पक्षांना मान्य असलेल्या कामांची लेखी यादी. या प्रश्नाला मी सर्वात जास्त वेळ देते, आणि उत्तर नागपूर करारापासून सुरू करते.

२८ सप्टेंबर १९५३ ला पश्चिम महाराष्ट्र, मराठवाडा आणि विदर्भ इथल्या नेत्यांनी एक करार केला. तो पक्षांचा नव्हता, प्रदेशांचा होता, पण मुळाशी गोष्ट तीच: वेगवेगळ्या हिताचे लोक एकत्र नांदायला तयार होताना अटी लिहून घेतात. त्यातल्या एका अटीप्रमाणे दर वर्षी सरकारने ठरावीक काळासाठी नागपुरात यायचं आणि विधिमंडळाचं किमान एक अधिवेशन इथे घ्यायचं. दुसऱ्या अटींप्रमाणे निधी, शिक्षणातल्या जागा आणि सरकारी नोकऱ्या लोकसंख्येच्या प्रमाणात द्यायच्या. आता पुढचं बघा. अधिवेशनाची अट आजही पाळली जाते. २०२० आणि २०२१ मध्ये ते मुंबईत झालं तर त्याची राज्यभर चर्चा झाली, २०२२ मध्ये ते परत आलं. आणि निधीची अट? १९८४ मध्ये दांडेकर समितीला विदर्भाचा अनुशेष मोजत बसावं लागलं. १९९४ मध्ये वैधानिक विकास मंडळं आली, एप्रिल २०२० मध्ये त्यांची मुदत संपली.

एकाच करारातली एक अट जगली, दुसरी कागदावर राहिली, हे कशामुळे? पहिली मोजता येत होती. वर्ष संपलं की कोणालाही विचारता येत होतं, अधिवेशन झालं की नाही? दुसरीला तारीख नव्हती, मोजमापाची पद्धत नव्हती आणि मोडली तर दाद कुठे मागायची हे लिहिलेलं नव्हतं. पक्षांच्या किमान समान कार्यक्रमालाही मी हीच कसोटी लावते.

२००४ च्या केंद्रातल्या संयुक्त पुरोगामी आघाडीचा कार्यक्रम घ्या. त्यात ग्रामीण कुटुंबाला वर्षात किमान शंभर दिवस कामाची हमी देणारा कायदा करू, असं आकड्यासकट लिहिलेलं होतं. २००५ मध्ये तो कायदा झाला. अमेरिकेशी अणुकरार त्या कार्यक्रमात नव्हता. सरकारने तो पुढे रेटला तेव्हा डाव्या पक्षांनी जुलै २००८ मध्ये पाठिंबा काढला. कागदात काय आहे आणि काय नाही, दोन्हींना किंमत असते.

जर्मनीत हा कागद दीडशे-पावणेदोनशे पानांचा असतो. प्रत्येक खात्यासाठी वेगळा गट आठवडेच्या आठवडे बसतो. करार पूर्ण छापून लोकांपुढे ठेवतात, आणि काही पक्ष तो आपल्या सदस्यांच्या मतदानाला टाकतात. २०१८ मध्ये तिथल्या सोशल डेमोक्रॅट पक्षाच्या सदस्यांनी ६६ टक्के मतांनी मंजुरी दिल्यावरच अँगेला मर्केल यांचं सरकार बनलं. आपल्याकडे कार्यक्रम जाहीर होतो, पण कोणतं महामंडळ कोणाला, किती वर्षांनी काय बदलणार, हा भाग बंद खोलीत राहतो. २०१९ मध्ये सगळा वाद 'असं ठरलं होतं' आणि 'असं ठरलंच नव्हतं' यावर झाला. ते लिहून, सही करून सभागृहाच्या पटलावर ठेवलेलं असतं, तर मतदाराला खरं-खोटं करता आलं असतं. माझा आग्रह तोच आहे: विश्वासदर्शक ठरावाच्या दिवशी आघाडीचा करार पटलावर ठेवणं बंधनकारक करा.

बाहेरून पाठिंबा म्हणजे काय? त्यात पाठिंबा देणाऱ्याला काय मिळतं?

मंत्रिपद न घेता सभागृहात सरकारला वाचवायचं. फायदा असा, की सरकारच्या चुका आपल्या अंगाला लागत नाहीत आणि दोरी हातात राहते. भारतातला अनुभव चांगला नाही. १९७९ मध्ये चरणसिंगांना लोकसभेला सामोरं जाण्याआधीच राजीनामा द्यावा लागला. १९८९ मध्ये विश्वनाथ प्रताप सिंह यांचं सरकार एका बाजूला भाजप आणि दुसऱ्या बाजूला डावे यांच्या आधारावर उभं होतं. ते अकरा महिन्यांत पडलं. चंद्रशेखर, देवेगौडा, गुजराल हे तिघेही काँग्रेसच्या बाहेरच्या पाठिंब्यावर आले आणि तो सुटल्यावर गेले.

न्यूझीलंडने हीच गोष्ट नीट लिहून घेतली. तिथे छोटे पक्ष दोनच गोष्टींचं वचन देतात, विश्वासदर्शक ठराव आणि अर्थसंकल्प. बाकी विषयांवर ते मोकळे असतात. वचन मर्यादित असलं की पाळणं सोपं जातं.

सरकार बनल्यावर रोजचा कारभार कसा चालतो? भांडणं तर रोजच असतील.

असतातच. त्यासाठी समन्वय समिती असते. वादाचा विषय मंत्रिमंडळात येण्याआधी तिथे सोडवायचा असा संकेत. ती नियमाने बसते का, यावर सरकारची तब्येत कळते. मी तर वर्तमानपत्रात एवढंच शोधते, की समन्वय समितीची शेवटची बैठक कधी झाली. भागीदार एकमेकांशी पत्रकार परिषदेतून बोलायला लागले, म्हणजे बैठका थांबल्या आहेत.

दुसरी गोष्ट अध्यक्षपदाची. २०१९ मध्ये तीन पक्षांनी तीन मोठी पदं वाटली: मुख्यमंत्री शिवसेनेचे, उपमुख्यमंत्री राष्ट्रवादीचे, विधानसभा अध्यक्ष काँग्रेसचे. फेब्रुवारी २०२१ मध्ये नाना पटोले यांनी अध्यक्षपद सोडलं आणि ती खुर्ची जुलै २०२२ पर्यंत रिकामी राहिली. पक्ष सोडणाऱ्या आमदारांच्या अपात्रतेच्या अर्जांवर निर्णय अध्यक्ष देतात. ज्या आघाडीने ती खुर्ची दीड वर्ष भरली नाही, तिच्यावर संकट आलं तेव्हा तिच्याकडे स्वतःचा अध्यक्ष नव्हता.

आघाडी सरकार पडतं तेव्हा नक्की काय होतं?

कधी भागीदार पाठिंबा काढतो. १९९९ मध्ये अण्णाद्रमुक बाहेर पडला आणि १७ एप्रिलला वाजपेयी सरकार २६९ विरुद्ध २७० असं एका मताने पडलं. गिरिधर गमांग तेव्हा ओडिशाचे मुख्यमंत्री झाले होते, पण खासदारकी सोडलेली नव्हती. त्यांनी येऊन मत दिलं. कधी पाठिंबा काढल्यावरही सरकार दुसरीकडून आधार मिळवतं: २२ जुलै २००८ ला मनमोहन सिंग सरकार २७५ विरुद्ध २५६ असं तरलं.

आणि कधी भागीदार जागच्या जागी असतो, पण एखादा पक्ष आतून फुटतो. जून २०२२ मध्ये शिवसेनेत तसं झालं. राज्यपालांनी बहुमत चाचणी घ्यायला सांगितलं, २९ जूनला उद्धव ठाकरे यांनी चाचणीआधीच राजीनामा दिला, ३० ला एकनाथ शिंदे यांचा शपथविधी झाला, ४ जुलैला १६४ विरुद्ध ९९ असा विश्वास मिळाला. ११ मे २०२३ ला सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं, की राज्यपालांचं ते पाऊल योग्य नव्हतं; पण मुख्यमंत्र्यांनी चाचणीला सामोरं न जाता स्वतः राजीनामा दिल्यामुळे जुनं सरकार परत आणता येणार नाही. मुलांना मी हे दोनदा वाचायला लावते. राजीनामा देण्याने एक पूर्ण घटनात्मक वाट बंद होते.

मग पक्षांतरबंदी कायदा काय कामाचा?

१९८५ मध्ये ५२ व्या दुरुस्तीने दहावी अनुसूची आली. तेव्हा एक तृतीयांश आमदार फुटले तर ती 'फूट' मानली जायची आणि आमदारकी वाचायची. डिसेंबर १९९१ मध्ये छगन भुजबळ आणि त्यांच्या सोबतचे आमदार शिवसेनेतून बाहेर पडले ते याच तरतुदीच्या आधाराने, आणि तेही इथे, नागपूर अधिवेशनात. २००३ मध्ये ती वाट बंद झाली. आता दोन तृतीयांश आमदारांसह दुसऱ्या पक्षात विलीन व्हावं लागतं.

पण कायद्याने एक दार लावलं की राजकारण दुसरं शोधतं. २०२२ नंतर फुटलेल्या गटाने 'आम्ही फुटलो' असं म्हटलंच नाही, 'आम्हीच मूळ पक्ष' असा दावा केला. निवडणूक आयोगाने फेब्रुवारी २०२३ मध्ये शिवसेनेचं आणि फेब्रुवारी २०२४ मध्ये राष्ट्रवादीचं नाव-चिन्ह त्या-त्या गटाला दिलं. व्हिप, म्हणजे आमदारांनी कसं मत द्यायचं याचा आदेश काढणारा पक्षाचा प्रतोद, राजकीय पक्ष नेमतो, विधिमंडळातला गट नव्हे, असं न्यायालयाने सांगितलं खरं. पण पक्ष कोणता हेच वादात असलं तर आदेश कोणाच्या व्हिपचा मानायचा? माझ्या मते अपात्रतेचा निर्णय अध्यक्षांकडून काढून मुदतबद्ध, स्वतंत्र न्यायाधिकरणाकडे द्यायला हवा. अध्यक्ष हा शेवटी कोणत्यातरी पक्षाच्या तिकिटावर निवडून आलेला असतो.

असं पटकन सरकार पडू नये यासाठी काही उपाय आहे का?

जर्मनीत आहे. तिथे चॅन्सेलरला नुसतं पाडता येत नाही. पाडणाऱ्यांनी त्याच ठरावात नवा चॅन्सेलर निवडून दाखवावा लागतो. १ ऑक्टोबर १९८२ ला श्मिट जाऊन कोल आले ते असेच. तरीही आघाडी मोडू शकते. नोव्हेंबर २०२४ मध्ये अर्थसंकल्पाच्या वादात तिथलं तीन पक्षांचं सरकार मोडलं आणि फेब्रुवारी २०२५ मध्ये मुदतीआधी निवडणूक झाली.

बेल्जियममध्ये दीड वर्ष सरकारच नव्हतं म्हणतात. खरं का?

२०१०-११ मध्ये ५४१ दिवस. काळजीवाहू सरकार होतं, नवं धोरण मात्र घेता येत नव्हतं. आपल्याकडे अर्थसंकल्पाचं वेळापत्रक आणि राष्ट्रपती राजवटीची तरतूद असल्याने एवढं लांबत नाही.

लहान पक्षाने आघाडीत जावं का? तो संपत नाही का?

धोका मोठा आहे. ब्रिटनमध्ये लिबरल डेमोक्रॅट पक्षाने विद्यापीठाची फी वाढवू देणार नाही असं वचन देऊन मतं घेतली होती. २०१० मध्ये हुजूर पक्षासोबत सरकारात गेले, फी वाढली आणि २०१५ मध्ये त्यांचे ५७ खासदारांवरून ८ उरले. सरकारचं चांगलं मोठ्या भागीदाराच्या नावावर जमा होतं, मोडलेलं वचन लहानाच्या. लहान पक्षाने म्हणूनच एकदोन ठळक, मोजता येणाऱ्या गोष्टी मागाव्यात आणि त्या आपणच केल्या हे दाखवता येईल असं खातं घ्यावं. दहा गोष्टी मागणाऱ्याच्या हाती एकही नावाने उरत नाही.

एका पक्षाचं सरकार बरं नाही का? निर्णय तरी पटकन होतात.

पटकन होतात, हे खरं. पण आघाडीत सरकारच्या आतच कोणीतरी 'थांबा' म्हणू शकतो, आणि विदर्भासारख्या प्रदेशाला त्या 'थांबा'ची किंमत माहीत आहे. जिथे एकाच पक्षाला भरघोस बहुमत असतं तिथे आमच्या भागाच्या आमदाराचं मत गृहीत धरलं जातं. जिथे चार-पाच आमदारांवर सरकार उभं असतं तिथे त्याला विचारावं लागतं. १९९५ मध्ये शिवसेना ७३ आणि भाजप ६५ होते, सरकार उभं राहिलं ते अपक्षांच्या जोरावर. त्यातला एकेक अपक्ष आपल्या तालुक्यासाठी काय काय घेऊन गेला असेल, याचा विचार करा. यात स्वार्थही असतो. पण तालुक्याचं कामही त्यातूनच होतं, आणि मी ते वाईट मानत नाही.

अधिवेशन गॅलरीतून बघायचं आहे. कशाकडे लक्ष देऊ?

पास आमदाराच्या शिफारशीने मिळतो. ओळखपत्र सोबत ठेवा आणि वेळेच्या बऱ्याच आधी निघा, कारण विधानभवनाकडे जाणारे रस्ते बंद असतात. हिवाळी अधिवेशनात जवळपास नेहमी पुरवणी मागण्या येतात, म्हणजे अर्थसंकल्पात नसलेल्या खर्चाला मंजुरी. दिसायला रुक्ष काम आहे. पण पैशाच्या मागणीवर सरकार हरलं तर त्याला राहता येत नाही, त्यामुळे आघाडीचा प्रत्येक आमदार त्या वेळी बाकावर हवा असतो. चर्चा संपत आली की व्हिप असलेला माणूस लॉबीत कोणाला शोधायला जातो ते बघा. कोणत्या पक्षाची बाकं रिकामी आहेत ते मोजा. आणि विदर्भाच्या प्रश्नावर एका पक्षाचा मंत्री उत्तर देत असताना दुसऱ्या भागीदार पक्षाचे मंत्री ऐकतायत की कागद चाळतायत, तेही वहीत टिपून ठेवा. अभ्यासिकेत आलात की मला दाखवा.